मयताची वही कुणी वाचलीच नाही

गावात ऐंशीच्या पुढचे माणूस गेले की आपण काय म्हणतो? ‘पिकलं पान होतं, गळालं.’ ‘सोनं झालं म्हातारीचं, कुणाची सेवा घेतली नाही.’ चार माणसे जमतात, सरणाची तयारी होते, पोरगा पुण्याहून येईपर्यंत थांबायचे की नाही यावर थोडा खल होतो आणि दिवस मावळायच्या आत सगळे आटोपते. म्हातारी कशाने गेली, शेवटचे तिला कोणी पाहिले, हे विचारायची कुणाला गरज वाटत नाही. वय झाले होते, एवढे कारण पुरते.

वाचकहो, ‘वय झाले होते’ या एका वाक्याच्या आडोशाला उभे राहून इंग्लंडातल्या एका डॉक्टरने २३ वर्षांत दोनशेहून जास्त माणसे मारली. डॉ. हॅरोल्ड शिपमन त्याचे नाव. हायड हे त्याचे गाव. मँचेस्टर शहराला लागून असलेले, जुन्या कापड गिरण्यांचे. आपल्या तालुक्याच्या गावासारखेच म्हणा ना. बाजारपेठेच्या रस्त्यावर त्याचा दवाखाना होता आणि तीन हजारांवर पेशंट त्याच्या यादीत होते. त्याच्याकडे नाव लागावे म्हणून लोक नंबर लावून थांबत.

ही हकीकत जुनी आहे, तरी आज सांगण्याला कारण आहे. हल्ली पारावरची पोरेसुद्धा मोबाईलवर खुनाचे माहितीपट पाहतात. शिपमनवरही असे कितीतरी निघाले. या माहितीपटात एक तज्ज्ञ असतोच. मागे अंधार, तोंडावर उजेड, आणि त्याला प्रश्न ठरलेला : या माणसाच्या डोक्यात काय चालले होते? मग बालपण येते, आई येते, बाप येतो, कुठला तरी जुना घाव येतो. पाहणाऱ्याला वाटते, चला, उलगडा झाला. पोरे मोबाईल खिशात टाकतात आणि ‘सायको होता राव’ म्हणून उठतात.

अमेरिकेत हा शोध फार मोठ्या प्रमाणावर झाला. १९७०च्या दशकाच्या अखेरीपासून एफबीआयचे रॉबर्ट रेस्लर आणि जॉन डग्लस तुरुंगातुरुंगांतून फिरले आणि ३६ गुन्हेगारांच्या मुलाखती त्यातून जमा झाल्या. आज सिनेमा-मालिकांत खुन्याचे मन ओळखणारा जो हुशार अधिकारी दिसतो, त्याचे मूळ तिथे आहे. त्या कामाचा उपयोग झाला नाही असे नाही. पण याच माहितीपटांच्या खुर्चीवर वर्षानुवर्षे बसणारा एक माणूस निराळेच बोलतो, आणि आम्हाला त्याचे म्हणणे गावकीच्या दृष्टीने जास्त मोलाचे वाटते.

तुरुंग चालवलेला प्राध्यापक

हा माणूस म्हणजे डेव्हिड विल्सन. मूळचा स्कॉटलंडचा. तिशी गाठायच्या आत तुरुंगाचा गव्हर्नर झाला. गव्हर्नर म्हणजे आपल्याकडचा जेल सुपरिंटेंडेंट. अनेक तुरुंगांत नोकरी करून १९९७ साली तो बाहेर पडला आणि पुढे बर्मिंगहॅम सिटी विद्यापीठात गुन्हेशास्त्राचा प्राध्यापक झाला. टीव्हीवर तो सतत दिसतो. खुनी माणसांशी समोरासमोर बसून बोललेला आहे, त्यांची पत्रे वाचलेली आहेत. म्हणजे पुस्तकी पंडित नव्हे.

त्याचे म्हणणे थोडक्यात असे. असे अनेक खून करणारे लोक दोन जातीचे. एक बोलतच नाहीत. दुसरे खूप बोलतात, पण जे सांगतात ते स्वतःला सोयीचे रचलेले असते. दोन्हीकडून हाती सत्य लागत नाही. म्हणून खुन्याच्या डोक्यात डोकावण्यापेक्षा, मारली कोण गेली ते बघा. ब्रिटनमधल्या अशा खुनांची यादी त्याने मांडली तेव्हा तेच ते लोक पुन्हा पुन्हा पुढे आले : एकटी राहणारी म्हातारी माणसे, वेश्या, समलिंगी पुरुष, घर सोडून आलेली पोरेपोरी आणि तान्ही बाळे. त्यातही म्हातारी माणसे, आणि त्यांत बायका, संख्येने सर्वांत जास्त. ज्यांच्या जाण्याने कुणी दचकत नाही, ज्यांचा माग कुणी काढत नाही, त्यांच्याकडेच खुन्याचा हात वळतो.

हे वाक्य पुन्हा एकदा वाचा आणि आपल्या गावात कोण कोण एकटे राहते ते मनाशी मोजा. वाडीवरची आजी, पोरे मुंबईला. मळ्यातले म्हातारबाबा, सून-लेक तालुक्याला. औषधाला एकच डॉक्टर, पैशाला एकच बँक, आणि किल्ली ठेवायला शेजारचे एकच घर.

तो कसा मारायचा

शिपमनची रीत साधी होती, म्हणूनच ती इतकी वर्षे चालली. दुपारी तो घरी भेट द्यायला जायचा. कधी बोलावल्यावरून, कधी ‘रक्त तपासायला घ्यायचे आहे’ म्हणून आपणहून. डायमॉर्फीन नावाचे इंजेक्शन शिरेत द्यायचा. हे म्हणजे औषधाच्या रूपातले हेरॉईनच. कॅन्सरच्या शेवटच्या वेदना थांबवायला इंग्लंडात ते वापरतात. कॅन्सरने गेलेल्या पेशंटकडचे उरलेले घ्यायचे, कुणाच्या तरी नावावर जास्तीचे लिहायचे, असा त्याने साठा केला होता. इंजेक्शन दिले की काही मिनिटांत माणूस शांत.

मग मृत्यूचा दाखला तोच लिहायचा. हृदयविकार, पक्षाघात, नाहीतर सरळ ‘म्हातारपण’. नातेवाईक धावत आले की त्यांना सांगायचा, शवविच्छेदनाची काही गरज नाही, उगाच देहाची विटंबना कशाला. घरचे उलट त्याचे आभार मानायचे. काही ठिकाणी त्याने अँब्युलन्सला फोन केल्याचे आणि ‘आता उपयोग नाही’ म्हणून तो रद्द केल्याचे सोंगही केले. पुढे टेलिफोनच्या नोंदी काढल्या तेव्हा तसा फोन झालेलाच नव्हता.

तिकडे दहनासाठी नियम कडक होते. उपचार करणाऱ्या डॉक्टरखेरीज दुसऱ्या, त्याच्याशी संबंध नसलेल्या डॉक्टरची सही लागे, आणि वर तिसरा अधिकारी कागद पाहून परवानगी देई. तीन चाळण्या! पण दुसरा डॉक्टर सही करताना काय पाही? पहिल्याने सांगितलेले ऐकून घेई. त्या सहीची फी मिळे. आपल्याकडे पंचनाम्यावर पंच जशी सही ठोकतो, ‘साहेबांनी लिहिलंय म्हणजे बरोबरच असणार’, तशातली गत. चाळण्या होत्या तीन, पण तिन्हींची भोके सारखीच मोठी.

मनाचा शोध आणि बंद दार

आता त्या ठरलेल्या प्रश्नाकडे येऊ. तो असे का करत होता?

माहितीपटवाल्यांची आवडती गोष्ट अशी. शिपमन १७ वर्षांचा असताना १९६३ साली त्याची आई फुप्फुसाच्या कॅन्सरने गेली. डॉक्टर घरी येऊन तिला मॉर्फीनचे इंजेक्शन द्यायचे आणि तिचे दुखणे थांबायचे. पोराने ते पाहिले. पुढे तो तेच चित्र पुन्हा पुन्हा उभे करत राहिला, असे म्हणतात. ऐकायला पटते. पण आईला इंजेक्शनाने आराम पडलेला पाहणारी पोरे जगात लाखो असतील. ती सगळी खुनी झाली नाहीत.

दुसरा धागा व्यसनाचा. १९७५ साली टॉडमॉर्डन गावी नोकरीत असताना तो खोट्या चिठ्ठ्या लिहून पेथिडीन हे औषध स्वतःच टोचून घेतो, हे उघड झाले. कोर्टाने १९७६ साली ६०० पौंड दंड केला. डॉक्टरांच्या परिषदेने ताकीद देऊन सोडले. १९७७ साली तो हायडला डॉक्टर म्हणून पुन्हा उभा राहिला. दारूचा, गांजाचा नाद लागतो तसा त्याला मारण्याचा नाद लागला असावा, अशी शक्यता चौकशीच्या न्यायाधीशांनीही बोलून दाखवली. शक्यता. त्यापलीकडे कुणाला जाता आले नाही.

कारण हा माणूस कधी बोललाच नाही. पोलिस प्रश्न विचारत, समोर फोटो ठेवत, तर हा त्यांच्याकडे पाठ करून, डोळे मिटून बसे. कोर्टात गुन्हा नाकारला. १५ खुनांबद्दल ३१ जानेवारी २००० रोजी प्रेस्टनच्या कोर्टाने जन्मठेप दिली, तरी नाही. बायकापोरांपाशीसुद्धा कबुली दिल्याचे पुढे आले नाही. १३ जानेवारी २००४ रोजी वेकफिल्डच्या तुरुंगात त्याने गळफास घेतला आणि प्रश्न कायमचा बंद झाला. सरकारी चौकशीने मानसोपचार तज्ज्ञांचे पथक नेमले होते. त्यांनाही कागदांवरूनच अंदाज बांधावे लागले.

गंमत म्हणा की दैवाचा खेळ म्हणा, १९८०च्या दशकात हा शिपमन स्वतःच एका टीव्ही माहितीपटात जाणकार म्हणून झळकला होता! विषय होता, मनाने आजारी असलेल्या माणसांना समाजात राहूनच कसे बरे करता येईल. शांत आवाज, दाढी, चष्मा, समजूतदार बोलणे. ज्याच्या मनाचा थांग लावायला पुढे इतके तज्ज्ञ बसवले, तोच एके काळी त्या खुर्चीवर बसून दुसऱ्यांच्या मनाबद्दल सांगत होता. तोपर्यंत त्याच्या हातून बरेच जीव गेलेले होते. चेहऱ्यावरून माणूस ओळखतो म्हणणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावे.

दिसले सगळ्यांना, बोलले कोण?

मन बंद होते. पण गाव उघडे होते. गावातल्या लोकांना बरेच काही दिसत होते.

एक टॅक्सीवाला होता. म्हाताऱ्या बायकांना बाजारहाट, दवाखाना अशी ने-आण करायचा. त्याच्या लक्षात आले की आपली रोजची गिऱ्हाइके, चांगली हिंडती-फिरती, पटापट जाताहेत आणि दरवेळी डॉक्टर एकच. त्याने वहीत नावे टिपायला सुरुवात केली. यादी विसाच्या पुढे गेली. पण पोलिसांकडे जायचा धीर १९९८च्या ऑगस्टपर्यंत झाला नाही. ‘डॉक्टरविरुद्ध माझ्यासारख्या ड्रायव्हरचं कोण ऐकणार?’ हा त्याचा सवाल होता. तुम्हीच सांगा, चुकीचा होता काय?

मयताची पेटी, गाडी, सगळी व्यवस्था पाहणारे एक घराणे होते. त्यांची मुलगी धंद्यात होती. तिला खटकले ते वेगळेच. इतर डॉक्टरांचे पेशंट अंथरुणात, आजारपणाच्या खुणा अंगावर घेऊन गेलेले असत. शिपमनच्या बायका मात्र खुर्चीत किंवा कोचावर बसलेल्या, नीट कपडे घातलेल्या, जणू पाहुण्याची वाट पाहताहेत. घराण्यातला वडीलमाणूस डॉक्टरकडे जाऊन विचारूनही आला. डॉक्टर म्हणाला, माझ्या वह्या कुणालाही पाहायला मोकळ्या आहेत. झाले, समाधान.

समोरच्याच रस्त्यावर दुसरा दवाखाना होता. दहनाच्या कागदांवर दुसरी सही करायला शिपमन तिथल्या डॉक्टरांकडे जाई. तिथे नव्याने आलेल्या एका डॉक्टरबाईंनी हिशेब मांडला. आपले पेशंट शिपमनच्या साधारण तिप्पट. मग तीन महिन्यांत आपल्याकडे जेवढी माणसे गेली त्याहून जास्त कागद या एकट्याचे कसे? मार्च १९९८मध्ये बाईंनी हे कॉरोनरला कळवले. कॉरोनर म्हणजे संशयित मृत्यूची चौकशी करणारा अधिकारी. आपल्या मुंबईतही १९९९पर्यंत हे पद होते.

पोलिसांनी गुपचूप चौकशी केली. डॉक्टरवर पूर्वी शिक्षा झाली आहे काय, एवढेही पाहिले नाही. पेशंटच्या नोंदी एका वैद्यकीय अधिकाऱ्याला दाखवल्या. त्याला काही वावगे आढळले नाही. आढळणार कसे? त्या नोंदी शिपमननेच लिहिलेल्या. चोराच्या वहीवरून चोरी शोधण्यातला प्रकार. एप्रिलच्या मध्याला फाईल बंद झाली. त्यानंतर जूनअखेरपर्यंत आणखी तीन बायका गेल्या.

त्यांतली शेवटची कॅथलीन ग्रंडी. वय ८१, हायडची माजी महापौर, अंगाने धडधाकट, लोकांच्या कामात पुढे. २४ जून १९९८ला सकाळी डॉक्टर ‘रक्त घ्यायला’ येऊन गेला आणि दुपारी बाई कोचावर मृत आढळल्या. दाखल्यावर कारण लिहिले, म्हातारपण.

पण या वेळी डॉक्टर लोभात पडला. बाईंच्या नावाने एक मृत्युपत्र पुढे आले. सगळी इस्टेट, सुमारे ३ लाख ८६ हजार पौंड, डॉक्टरला. मुलीला काही नाही. आणि ती मुलगी व्यवसायाने वकील! आईची सगळी कागदपत्रे तीच पाहायची. मृत्युपत्राचा टाईप गचाळ, भाषा आईची नव्हे. ती पोलिसांत गेली. पुरलेला देह १ ऑगस्टच्या रात्री बाहेर काढला, त्यात मॉर्फीन सापडले. मृत्युपत्र ज्यावर टाईप केले ते जुने ब्रदर कंपनीचे टाईपरायटर डॉक्टरकडेच निघाले आणि कागदावर त्याच्या बोटाचा ठसा.

डॉक्टरने बचाव केला की बाईंना नशेचे व्यसन होते, बघा माझ्या कॉम्प्युटरवर मी मागेच तशी नोंद केली आहे. नोंद होती खरी, मागच्या तारखांची. पण कोणती नोंद प्रत्यक्षात कोणत्या दिवशी, किती वाजता घातली, हे यंत्राने आपल्या पोटात लिहून ठेवले होते. ते त्याला ठाऊक नव्हते. मागची तारीख टाकून कागद नीट करता येतो असे समजणाऱ्या आपल्याकडच्या काही हुशार मंडळींनीही हा भाग जरा सावकाश वाचावा.

आकडे काय सांगत होते

खटल्यानंतर न्यायमूर्ती जॅनेट स्मिथ यांच्या अध्यक्षतेखाली सरकारी चौकशी बसली. जुलै २००२च्या पहिल्या अहवालात त्यांनी २१५ माणसांचे खून शिपमनने केल्याचे निश्चित केले. १७१ बायका, ४४ पुरुष. सर्वांत वयस्कर ९३ वर्षांच्या आजी, सर्वांत तरुण ४१ वर्षांचा गृहस्थ. आणखी ४५ मृत्यूंबद्दल दाट संशय. २००५च्या शेवटच्या अहवालापर्यंत अंदाज अडीचशेच्या घरात गेला.

या सगळ्यात आम्हाला चटका लावणारी गोष्ट निराळी आहे. हे आकडे शोधायला कुणाच्या मनात शिरावे लागले नाही. मृत्यूच्या नोंदी आणि दाखल्यांची स्थळप्रत, एवढ्यावर बरेच काम झाले. तिकडच्या आरोग्य खात्यासाठी एका प्राध्यापकांनी २००१ साली शिपमनच्या पेशंटचे मृत्यू आजूबाजूच्या डॉक्टरांशी ताडून पाहिले. माणूस काही घड्याळ बघून मरत नाही, इतरांचे पेशंट दिवसरात्र कधीही जात. शिपमनचे मात्र दुपारी दोनच्या सुमारास जास्त. म्हणजे त्याच्या घरभेटींच्या वेळेला! शंभरातल्या १९ मृत्यूंच्या वेळी डॉक्टर स्वतः हजर. इतरांच्या बाबतीत हे प्रमाण शंभरात एकसुद्धा भरत नव्हते.

डेव्हिड स्पीगेलहाल्टर या संख्याशास्त्रज्ञाने आपल्या सहकाऱ्यांबरोबर पुढचा हिशेब केला. कुणी नुसती बेरीज ठेवत गेले असते तर १९८४ सालीच धोक्याची घंटा वाजली असती आणि पुढची सुमारे १७५ माणसे वाचली असती. १९८४! माहिती सगळी कचेरीत होती. नोंदी वेळेवर होत होत्या, वहीला वही लागत होती, पण वही उघडून ओळीखाली ओळ वाचण्याचे काम कुणाचेच नव्हते.

इथे एक बाजू सांगायलाच हवी, नाहीतर आमचा लेख वाचून कुणीतरी उद्याच गावच्या डॉक्टरच्या दारात जाऊन उभा राहील. असा हिशेब ठेवण्याची पद्धत तिकडे प्रयोग म्हणून चालवून पाहिली, तेव्हा एका डॉक्टरचे मृत्यू शिपमनपेक्षाही जास्त निघाले! चौकशी केली तर काय? तो समुद्रकिनाऱ्यावरच्या अशा गावात होता जिथे निवृत्त म्हातारी माणसे येऊन राहतात. शेवटच्या दिवसांत त्यांना दवाखान्यात न पाठवता घरच्या अंथरुणात शांतपणे जाऊ द्यावे, म्हणून तो भला माणूस धडपडत होता. आकडा बोट दाखवतो, दोष ठरवत नाही. त्या डॉक्टरचे नाव बाहेर फुटले असते तर त्याच्या दवाखान्याचे काय झाले असते, याची कल्पना आपल्या गावकीला असलेल्यांनी करावी.

इंग्लंडने बोध घ्यायला फार वेळ लावला. कॉरोनरकडे न जाणारा प्रत्येक मृत्यू, मग तो घरी असो की दवाखान्यात, एका स्वतंत्र डॉक्टरने तपासायचा आणि घरच्यांनाही काही शंका आहे काय ते विचारायचे, हा नियम तिथे ९ सप्टेंबर २०२४पासून सक्तीचा झाला. शिपमनच्या शिक्षेनंतर २४ वर्षांनी.

आणि आपल्याकडे?

आपल्याकडे तर पहिल्या चाळणीचीच वानवा. २०२० साली देशात नोंद झालेल्या मृत्यूंपैकी जेमतेम २२.५ टक्के मृत्यूंचे कारण डॉक्टरने प्रमाणित केलेले होते. बाकीच्यांचे कारण घरच्यांनी सांगितले ते. आणि दहनानंतर तपासायला मागे काही उरत नाही. हायडमध्ये काही देह पुरलेले होते म्हणून विष सापडले. आपण तिसऱ्या दिवशी सावडून मोकळे.

जन्म-मृत्यू नोंदणीचा कायदा १९६९चा. ग्रामीण भागात निबंधक म्हणजे आपले ग्रामसेवक भाऊसाहेब, ज्यांना आता ग्रामपंचायत अधिकारी असे नवे नाव मिळाले आहे. नोंद २१ दिवसांत करायची. माणूस घरी गेले असेल आणि शेवटच्या आजारात डॉक्टर पाहत असेल, तर त्याने कारणाचे प्रमाणपत्र नमुना ४-अ मध्ये द्यायचे. १ ऑक्टोबर २०२३पासून अमलात आलेल्या दुरुस्तीनुसार त्याची एक प्रत जवळच्या नातेवाइकाला द्यायची आहे. ही प्रत मागून घ्या. ग्रामपंचायतीतून जो मृत्यूचा दाखला मिळतो त्यावर कारण छापलेले नसते, कायद्यानेच ते छापायचे नाही. तेव्हा कारण वाचायची संधी ती एकच.

नोंदीचे मोल आपल्याला कळत नाही असेही नाही. पूर्वी जन्म-मृत्यू कोतवाल बुकात लिहीत, गाव नमुना १४ तो. २०२३पासून कुणबी नोंदी शोधायला तहसीलच्या दप्तरात त्याच कोतवाल बुकांची पाने भिंग लावून वाचली गेली. शंभर वर्षांपूर्वीच्या पणजोबाची ओळ आपण शोधून काढली. गेल्या वर्षी गावात कोण कोण गेले आणि कशाने, हे मात्र विचारले तर सरपंचांपासून सगळे एकमेकांकडे पाहतील.

पोलिस पाटलांना तर हे पाठच असेल. पण एक गोष्ट सदस्यांना बहुधा ठाऊक नसते. भारतीय नागरिक सुरक्षा संहिता १ जुलै २०२४पासून लागू झाली, तिचे कलम ३४ पाहा. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हे कलम ४० होते. गावात अचानक, अनैसर्गिक किंवा संशय यावा असा मृत्यू झाला, तर गावकामगारांनी दंडाधिकाऱ्याला अथवा जवळच्या ठाण्याला ताबडतोब कळवायचे आहे. यात गावकामगार म्हणजे नुसते पाटील नव्हेत. पंचायतीचा सदस्यही त्यात स्पष्ट शब्दांत घातलेला आहे. ‘आपल्याला काय करायचंय, घरचं प्रकरण आहे’ हे उत्तर सदस्याला कायद्याने देता येत नाही.

कळवायचे म्हणजे कुणावर आळ घ्यायचा नव्हे. अमक्या तारखेला, अमक्या वेळी, अमके माणूस मृत आढळले, आदल्या दिवशी ते चालते-बोलते होते, शेवटी अमक्याने पाहिले. बस्स, एवढेच लिहायचे. संशयिताचे नाव, कारण, कुणाच्या मनात काय होते, हे लिहू नये. ठाणे अंमलदार कलम १९४खाली अकस्मात मृत्यूची नोंद घेईल, पंचनामा करील आणि गरज असेल तर देह ग्रामीण रुग्णालयात पाठवील. पूर्वी हेच कलम १७४ होते. पोच घ्या, आणि तिच्यावर तारखेबरोबर वेळही टाकून घ्या.